नदीखोऱ्याचा जैवविविधता संवर्धन आराखडा: रोपं विकत घेण्याआधी करायची कामं

कोकणातल्या गावांनी तयार केलेले नदी संवर्धनाचे आराखडे वाचले, की बरेचसे एकाच जागी फसलेले दिसतात. पहिल्या पानावर रोपांची संख्या, दुसऱ्यावर बंधाऱ्यांची आणि तिसऱ्यावर घाटाचं सुशोभीकरण. मे महिन्यात नदीत पाणी कुठे उरतं, पहिल्या पावसात मासा कुठून वर चढतो, काठावरची जमीन कोणाच्या सातबाऱ्यावर आहे, यातलं काहीच त्यात नसतं. मग पुढच्या पुरात रोपं वाहून जातात, आणि नदीतल्या ज्या खोल डोहात, म्हणजे कोंडात, सगळं जीवन तग धरून होतं तिथेच गाळ काढायला पोकलेन उतरलेला असतो.

म्हणून इथे भर क्रमावर आहे. उदाहरणासाठी रत्नागिरी जिल्ह्यातलं शास्त्री नदीचं खोरं घेतलं आहे. ही नदी प्रचितगडाच्या परिसरात सह्याद्रीवरून उतरते, संगमेश्वरला तिला सोनवी मिळते, पुढे बाव आणि गडनदी येतात आणि जयगडला ती समुद्राला जाते. उंच कडा, जांभ्याचे सडे (सपाट कातळाचे माळ), भाताचे मळे आणि खाडी असं सगळं एकाच खोऱ्यात आहे. सावित्री, वाशिष्ठी, काजळी किंवा सिंधुदुर्गातल्या गड नदीवर काम करणाऱ्यांनाही हाच क्रम लागू पडेल. घाटावरच्या नद्यांना थोडा बदल करावा लागेल, कारण तिथे खाडी नाही आणि धरणं जास्त आहेत.

## तयारी: आधी माणसं, मग साहित्य

पाच-सहा जणांचा गाभा पुरतो, पण त्यात माणसं कोण आहेत यावर पुढचं सगळं ठरतं. नदीत रात्री जाळं टाकणारा एक तरी माणूस हवा. धुणं-पाण्यासाठी रोज नदीवर जाणारी बाई हवी. गुरं राखणारा, देवरहाटीचा (देवाच्या नावाने राखलेल्या रानाचा) मानकरी किंवा गुरव, आणि झाडं किंवा पक्षी नीट ओळखणारं कुणी हवं. जवळच्या महाविद्यालयातले प्राध्यापक बहुतेक वेळा आनंदाने येतात. शिवाय जैवविविधता व्यवस्थापन समितीचा एक सदस्य घ्या. जैविक विविधता अधिनियम, २००२ च्या कलम ४१ नुसार ही समिती प्रत्येक स्थानिक स्वराज्य संस्थेत असावी लागते. तुमच्या ग्रामपंचायतीतही ती बहुधा कागदावर आहे. ग्रामसेवकांकडून स्थापनेच्या ठरावाची प्रत घ्या आणि सदस्यांची नावं वाचून दाखवा. आपण सदस्य आहोत हे काहींना तेव्हाच कळतं.

साहित्य फार लागत नाही: १:५०,००० मापाचा भूमापन नकाशा, जीपीएस असलेला फोन, मोजपट्टी, दर दहा सेंटिमीटरला खूण केलेली लांब काठी, दुर्बीण, पीएचच्या पट्ट्या, विरघळलेला ऑक्सिजन मोजण्याचं किट आणि जाड पुठ्ठ्याची वही. खाडीकडच्या गावांनी क्षारता मोजायचा रिफ्रॅक्टोमीटरही घ्यावा.

काम दिवाळीनंतर सुरू करा आणि पूर्ण एक वर्ष हाताशी धरा. मोठ्या बैठका शिमग्याला आणि गणपतीत ठेवा. काठावरच्या जमिनीचे निम्म्याहून जास्त खातेदार मुंबईत असतात आणि ते याच दोन वेळी गावात भेटतात. जानेवारीतल्या बैठकीत घेतलेला निर्णय शिमग्याला आलेले चाकरमानी एका वाक्यात मोडतात, आणि त्यात त्यांची चूक नसते, कारण त्यांना कुणी विचारलेलंच नसतं.

सावध: पहिल्या बैठकीत निधीचा आकडा तोंडातून काढू नका. आकडा निघाला की चर्चा नदी सोडून कोणत्या वाडीला कोणतं काम मिळणार याकडे वळते.

## १. हद्द पाणलोटाची आखा, गावाची नको

गावाची शीव बहुतेक वेळा नदीच्या मधून जाते, म्हणजे निम्मी नदी आराखड्याबाहेर राहते. नकाशावर उंचीच्या रेषा पाहून पाणी कुठून कुठे वळतं ती कड आखा. आखल्यावर कडेच्या तीन-चार ठिकाणी प्रत्यक्ष जाऊन या.

कोकणात इथे हमखास होणारी चूक म्हणजे सडा वगळणं. सड्यावर पावसाळ्यात गवत आणि फुलं, बाकी वर्षभर काळा कातळ, त्यामुळे त्याचा नदीशी काय संबंध असं वाटतं. सड्यावर पडलेलं पाणी जांभ्याच्या भेगांतून मुरतं आणि पायथ्याला झऱ्याच्या रूपाने बाहेर येतं. तोच झरा पऱ्याला, म्हणजे छोट्या ओढ्याला, उन्हाळ्यात जिवंत ठेवतो. सड्यावर चिरेखाण पडली की खालचा झरा आटू शकतो, आणि आराखड्यात सडाच नसेल तर ग्रामसभेत त्याबद्दल बोलायला तुमच्याकडे कागद नसतो.

हद्द आखल्यावर नदीचे चार पट्टे करा: कड्याखालचा तीव्र उतार, खडकाळ पात्र आणि कोंडांचा भाग, मळ्यांमधला सपाट भाग, आणि भरतीचं पाणी पोचतं तो खाडीचा भाग. खाडीचा पट्टा कुठे सुरू होतो ते अंदाजाने ठरवू नका. किनारा नियमन क्षेत्रासाठी ही हद्द वर्षातल्या सर्वांत कोरड्या काळात पाण्याची क्षारता दर हजारी ५ भाग असते तिथे धरतात. मे महिन्यात, उधाणाच्या भरतीला, रिफ्रॅक्टोमीटर घेऊन नदीच्या कडेने वर जात मोजा. पुढे खाडीकाठच्या भरावाबद्दल वाद झाला, तर ही नोंद फार कामाला येते.

सगळं शास्त्री खोरं एका झटक्यात हातात घेऊ नका. एका पऱ्याचा किंवा उपनदीचा पाणलोट आणि त्यावरची चार-पाच गावं, एवढ्यापासून सुरुवात करा. मात्र नकाशा पूर्ण खोऱ्याचा ठेवा, म्हणजे आपला तुकडा कुठे बसतो ते दिसत राहील.

तपासा: तुमच्या तुकड्यात पाणी सोडणारी प्रत्येक वाडी, खाण, हॉटेल, कोंबड्यांची शेड आणि सड्यावरची बाग हद्दीच्या आत आली का?

## २. मे महिन्याची फेरी

वर्षभरात एकच काम करता येणार असेल, तर मी हेच करायला सांगेन. एप्रिलच्या अखेरीपासून पहिला पाऊस पडेपर्यंत नदी वरपासून खालपर्यंत पायी उतरा. कोकणात तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, तरी मे महिन्यात बहुतेक पऱ्ये कोरडे असतात आणि मुख्य नदी सुट्या कोंडांची माळ होऊन राहते. त्या काळात मासे, कासवं, झिंगे आणि पाणमांजरं या कोंडांतच दाटीने राहतात. जून महिन्यात सगळं खोरं पुन्हा भरायचं ते याच जिवांनी. एक कोंड विष टाकून मारला, तर त्या लांबीतली नदी पावसाळ्यात पाण्याने भरेल, पण माशांनी भरायला वर्षं जातील.

प्रत्येक कोंडासाठी एक पान ठेवा आणि पुढची माहिती लिहा:

- स्थानिक नाव आणि जीपीएस नोंद. नाव आवर्जून लिहा. नावावरून जुन्या माणसांच्या आठवणी उघडतात.
- लांबी, रुंदी आणि काठीने मोजलेली तीन ठिकाणची खोली.
- तळ कसला आहे: कातळ, गोटे, वाळू की गाळ. गाळ असेल तर किती वर्षांपासून, हे लोकांना विचारा.
- पाणी कुठून येतं: तळातला झरा, वरची धार, की नुसतं साचलेलं.
- काठावरची झाडं आणि दुपारी बारा वाजता पाण्यावर किती सावली असते.
- उपसा: किती पंप, कोणाचे, कशासाठी.
- खडकावर माशांचे खवले असलेली विष्ठा (पाणमांजराची खूण), वाळूत पावलांचे ठसे, मातीच्या काठात पक्ष्यांची बिळं.

विरघळलेला ऑक्सिजन सूर्योदयापूर्वी मोजा. रात्रभर शेवाळ आणि जीव ऑक्सिजन वापरत असतात, त्यामुळे पहाटे तो सर्वांत कमी असतो. दुपारी मोजलेला चांगला आकडा फसवा असतो. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या वर्गवारीत वन्यजीव आणि मत्स्यजीवनासाठी लिटरला किमान ४ मिलिग्रॅम ऑक्सिजन आणि ६.५ ते ८.५ पीएच धरला आहे. पहाटेचा आकडा त्याखाली असेल, तर त्या कोंडापुढे लाल खूण करा.

सावध: कोंडात जाळं टाकून «काय काय आहे ते पाहू» असं करू नका. मे महिन्यात जीव आधीच तंगीत असतात. काठावर अर्धा तास शांत बसून पाहिलं आणि मासे धरणाऱ्या माणसाला विचारलं, तरी पुरेशी यादी होते. पाणमांजर, मगर, कासव यांना तर हातही लावायचा नाही. त्यांना वन्यजीव संरक्षण कायद्याचं संरक्षण आहे. नदीचा वरचा भाग चांदोली राष्ट्रीय उद्यान आणि सह्याद्री व्याघ्र प्रकल्पाकडे जातो. तिथे वन विभागाची लेखी परवानगी घेतल्याशिवाय शिरू नका.

## ३. उरलेल्या ऋतूंच्या नोंदी

मे महिन्यानंतर सर्वांत मोलाचे दिवस पहिल्या मोठ्या पावसाचे. चढणीचे मासे याच वेळी अंडी घालायला पऱ्यांतून आणि थेट भाताच्या खाचरांत चढतात. मुठे (गोड्या पाण्यातले खेकडे) बिळांबाहेर येतात आणि अनेक माद्यांच्या पोटाखाली पिल्लं असतात. मासा कोणत्या पऱ्याने चढतो, रस्त्याखालच्या कोणत्या मोरीपाशी किंवा बंधाऱ्यापाशी अडतो, लोक कुठे उभे राहून धरतात, हे नकाशावर मांडा. मोरीचा पाइप खालच्या पाण्यापासून हातभर उंचीवर लटकत असेल, तर लहान माशांसाठी नदी तिथेच संपते. खाडी आणि नदी यांच्यातही ये-जा असते. गोड्या पाण्यातल्या काही कोळंब्यांची पिल्लं निमखाऱ्या पाण्यात वाढून नदी चढतात, आणि अहिर वाम अंडी घालायला समुद्रात जाते नि तिची पिल्लं परत वर येतात. म्हणून खालच्या गावातला एक बंधारा वरच्या गावातली वाम संपवू शकतो.

जून ते सप्टेंबर तिबोटी खंड्या या पक्ष्याकडे लक्ष ठेवा. सावलीतल्या पऱ्यांच्या मातीच्या उभ्या काठात तो बीळ करून पिल्लं वाढवतो. जिथे बिळं दिसतील तिथे दगडी पिचिंग (काठावर दगड बसवणं) होणार नाही, हे आराखड्यात नाव घेऊन लिहा. ऑगस्ट-सप्टेंबरात सडा: डबक्यांतले बेडूक, कातळावरची फुलं. ऑक्टोबर-नोव्हेंबरात चतुर आणि टाचण्या हे पाण्याकाठचे कीटक. हिवाळ्यात खाडीच्या मळईवर (ओहोटीला उघड्या पडणाऱ्या चिखलावर) उतरणारे पाणपक्षी, ओहोटीच्या वेळी मोजायचे.

प्रवाह मोजणं अवघड वाटतं, पण तसं नाही. पात्राचा सरळ दहा मीटरचा तुकडा निवडा, वरून एक संत्रं सोडा आणि वेळ मोजा. रुंदी, सरासरी खोली आणि वेग यांचा गुणाकार करून ०.८५ ने गुणा, कारण पृष्ठभागाचं पाणी तळापेक्षा वेगाने जातं. समजा डिसेंबरात रुंदी ४ मीटर, खोली ०.२५ मीटर आणि संत्र्याला २० सेकंद लागले. वेग झाला सेकंदाला ०.५ मीटर, आणि प्रवाह सुमारे ०.४२५ घनमीटर, म्हणजे सेकंदाला ४२५ लिटर. दर महिन्याला त्याच जागी, त्याच पद्धतीने मोजा.

तपासा: प्रत्येक नोंदीवर तारीख, वेळ, जागा आणि पाहणाऱ्याचं नाव आहे का? «आमच्याकडे पाणमांजर आहे» ही नोंद होत नाही. लोकांच्या बोलण्यात पाणमांजर आणि उदमांजर यांची सरमिसळ होते. विचारताना दोघांचे फोटो दाखवा.

## ४. लोकांना जे ठाऊक आहे ते

लोक जैवविविधता नोंदवही, म्हणजे गावातल्या जीवजातींची यादी, तुमच्या ग्रामपंचायतीत बहुतेक आहेच. २०२० च्या सुमारास राष्ट्रीय हरित लवादाच्या मुदतीमुळे राज्यभर या वह्या घाईने तयार झाल्या, आणि काहींत शेजारच्या गावाची यादी जशीच्या तशी उतरली आहे. ती टाकून देऊ नका. ती समोर ठेवून वाडीत वाचा आणि चुकीच्या ओळी लोकांकडूनच खोडून घ्या. कोऱ्या कागदावर माहिती मागितली तर माणसं गप्प बसतात, चुकीची यादी मात्र त्यांना बोलतं करते.

बायकांची बैठक वेगळी घ्या. शेवळं, कुर्डू, टाकळा, अळूचे प्रकार कुठे मिळतात, कोणत्या झऱ्याचं पाणी कधी आटू लागलं, ही माहिती त्यांच्याकडे असते आणि देवळातल्या मोठ्या बैठकीत ती बाहेर येत नाही. वृद्धांना वर्ष विचारू नका, घटना विचारा: कोयनेच्या भूकंपाआधी की नंतर, पूल झाला तेव्हा की आधी. त्यातून काळ बराच नेमका लागतो.

सावध: औषधी वनस्पतींच्या जागा, कासवांची अंडी घालण्याची ठिकाणं, पाणमांजरांच्या गुहा आणि दुर्मीळ पक्ष्यांची घरटी सार्वजनिक प्रतीत किंवा समाजमाध्यमांवर देऊ नका. त्यासाठी वेगळी बंद वही ठेवा. चोरटी शिकार करणारेही वाचतात.

## ५. धोके कारणापर्यंत न्या

«प्रदूषण», «अतिक्रमण», «वृक्षतोड» असे शब्द आराखड्यात लिहिले, की काम झाल्यासारखं वाटतं. प्रत्येक धोक्यापुढे कोण, कुठे, कधी आणि का हे चार प्रश्न लिहा. «विष टाकून मासेमारी» ही ओळ अपुरी आहे. «अमुक कोंडात मार्च-एप्रिलमध्ये, पाहुणे आले की, दुकानातून आणलेलं कीटकनाशक किंवा ब्लीचिंग पावडर टाकून मासे मारतात» एवढं लिहिल्यावर काय करायचं ते दिसू लागतं. विष आणि स्फोटकं वापरून मासे मारणं १८९७ च्या भारतीय मत्स्य कायद्यापासूनच गुन्हा आहे, त्यामुळे नवा नियम करायची गरज नाही. तक्रार कोण करणार आणि कोणाकडे, हे ठरायला हवं.

कोकणातल्या खोऱ्यात हे धोके वेगवेगळे तपासा: खासगी जंगलाची सरसकट तोड आणि त्यामुळे येणारा गाळ, चिरेखाणी, वाळू उपसा, काठाला लागून रस्ता, काजू-आंब्याच्या बागांतली तणनाशकं आणि फवारणी, बाहेरचे मासे. शेवटच्या मुद्द्याकडे सगळेच दुर्लक्ष करतात. डासांसाठी पऱ्यात गप्पी मासे सोडणं, तळ्यातली चिलापी किंवा परदेशी मांगूर पुरात नदीत जाणं, हे नुकसान परत फिरवता येत नाही. चांगल्या हेतूने सोडलेला «आपला» मासाही घात करू शकतो: दख्खनी महाशीर कावेरीत सोडला गेला आणि तिथल्याच मूळच्या कुबडी महाशीरवर संकट आलं. नदीत कोणताही मासा सोडायचा नाही, ही ओळ आराखड्यात ठळक लिहा.

मग क्रम लावा. धोका किती मोठा आहे यापेक्षा, तो झाल्यावर परत दुरुस्त होतो का, हा प्रश्न आधी विचारा. कचरा वर्षभरात उचलता येतो. फोडलेला कातळ परत येत नाही.

## ६. टप्पे निवडा

सगळ्या नदीला एकच नियम लावला तर तो कुणीच पाळत नाही. मे महिन्याच्या फेरीचा नकाशा, चढणीच्या मार्गांचा नकाशा आणि धोक्यांचा नकाशा एकावर एक ठेवा. त्यातून तीन प्रकारचे टप्पे निघतात.

राखीव कोंड: इथे वर्षभर मासेमारी नाही, उपसा नाही, यंत्र नाही. हे थोडेच असू द्या, पण खोल, झऱ्याचे आणि सावलीचे निवडा. आपल्या लोकांना ही कल्पना परकी नाही. महाड तालुक्यात काळ नदीवर वाळणकोंड आणि वाडा तालुक्यात वैतरणेवर तिळसे इथे देवाच्या नावाने मासे राखले जातात. तुमच्या खोऱ्यात असा कोंड असेल, तर सुरुवात तिथूनच करा.

हंगामी टप्पे: चढणीचे पऱ्ये. पहिल्या मोठ्या पावसापासून ठरलेले दिवस इथे मासे आणि मुठे धरायचे नाहीत. चढणीचे मासे धरणं ही गावची मोठी हौस आहे. पूर्ण बंदी टिकणार नाही. एकाआड एक पऱ्या मोकळा ठेवणं किंवा पहिली चढण सोडून पुढे धरणं, असा तोडगा मी सुचवेन.

वापराचे टप्पे: बाकी सगळं. इथे नियम साधे: विष नाही, स्फोटकं नाहीत, मच्छरदाणीचं जाळं नाही.

सावध: ज्यांची चूल माशावर पेटते त्या भोई, दालदी, खारवी किंवा कातकरी कुटुंबांना विचारल्याशिवाय एकही कोंड राखीव करू नका. त्यांचा नेहमीचा कोंड बंद होत असेल, तर त्यांनीच सुचवलेला दुसरा टप्पा फक्त त्यांच्यासाठी ठेवा. राखणदारीचं कामही आधी त्यांना विचारा.

## ७. जमीन, गावकी आणि ठराव

रत्नागिरीत वन खात्याची जमीन फार थोडी आहे. काठावरचं जंगल बहुतेक खासगी आणि तेही सामाईक खात्याचं. म्हणून निवडलेल्या प्रत्येक टप्प्याच्या दोन्ही काठांचे गट क्रमांक काढा, सातबारा घ्या आणि खातेदारांची यादी करा. हे कंटाळवाणं काम आहे आणि बहुतेक आराखडे इथेच अर्धवट राहतात. एक खातेदार राहिला, तर एक दिवस तोच लाकूड ठेकेदाराला सही देतो.

खातेदारांकडे जमीन मागू नका. काठापासून ठरावीक अंतर तोड आणि जाळणं टाळावं, एवढंच मागा, आणि बदल्यात काय देता येईल ते बोला: बांध पुरात खचत असेल तर श्रमदान, मोकाट गुरांपासून राखण. लेखी सहमती घ्या, मुदत घाला, उदाहरणार्थ पाच वर्षं. कायमचं मागितलं की माणूस घाबरतो.

त्यानंतरचा क्रम असा ठेवा: वाडीची बैठक, गावकी (मानकऱ्यांची पारंपरिक बैठक), ग्रामसभा, जैवविविधता व्यवस्थापन समितीचा ठराव. ग्रामसभेचा ठराव आधी आणला आणि गावकीला नंतर कळवलं, तर मानकरी दुखावतात आणि ठराव फायलीत राहतो. देवरहाटी नदीला लागून असेल, तर तिचे नियम आराखड्यात जसे आहेत तसे लिहा. नव्या भाषेत बदलून लिहू नका. ठरावात टप्प्याची सुरुवात आणि शेवट ओळखता येईल अशा खुणांनी सांगा: अमुक पुलापासून तमुक उंबरापर्यंत.

एखादी जागा फारच वेगळी असेल, तर जैविक विविधता अधिनियमाच्या कलम ३७ खाली तिला जैवविविधता वारसा स्थळ घोषित करायचा प्रस्ताव नागपूरच्या महाराष्ट्र राज्य जैवविविधता मंडळाकडे पाठवता येतो. आंबोलीला हिरण्यकेशीच्या उगमापाशी सापडलेल्या शिस्तुरा हिरण्यकेशी या इवल्या माशासाठी २०२१ मध्ये जेमतेम दोन हेक्टर जागेला हा दर्जा मिळाला. जागा छोटी असली तरी चालते, नोंदी मात्र पक्क्या लागतात. खाडीकडच्या गावांनी कांदळ, चिपी आणि तिवराच्या पट्ट्याची नोंद कांदळवन कक्षाकडे आहे का ते पाहावं. मुंबई उच्च न्यायालयाच्या २०१८ च्या निकालाने कांदळवनाभोवती ५० मीटरचा पट्टाही राखला आहे.

## ८. कामं, याच क्रमाने

पहिलं काम थांबवण्याचं. विष, राखीव कोंडातले पंप, काठाचं जाळणं, पात्रात गाड्या धुणं. याला निधी लागत नाही.

दुसरं काम अडथळे मोकळे करण्याचं. लटकलेल्या मोरीखाली दगडांची उतरंड रचली, तरी मासा चढू शकतो. कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्याचे बर्गे (पाणी अडवणाऱ्या फळ्या) पावसाआधी खरंच निघतात का ते पाहा. एखाद-दुसरा अडकलेला बर्गा पूर्ण चढण बंद करतो. वनराई बंधारे (माती भरलेल्या पोत्यांचे) बांधायचेच असतील, तर चढणीच्या मुख्य पऱ्यावर नको, एका कडेने धार वाहती ठेवा, आणि मे अखेरीस रिकामी पोती मोजून उचला. न उचललेली पोती पहिल्या पुरात खाडीच्या तिवरांत जाऊन अडकतात.

तिसरं काम गाळाचं, आणि इथे फार जपा. २०२१ च्या जुलैतल्या चिपळूणच्या पुरानंतर गाळ काढण्याची मागणी गावोगाव आहे, आणि ती भीती खरी आहे. पण सरसकट खोलीकरणाने कोंड आणि उथळ खळाळ यांतला फरक पुसला जातो, नदीचा कालवा होतो. यंत्र येण्याआधी पात्रात रंगाने खुणा करा: हा कातळ फोडायचा नाही, या काठाच्या मुळांना हात लावायचा नाही, एवढ्याच बेटाचा गाळ उचलायचा, तो पूररेषेबाहेर टाकायचा. निळी पूररेषा साधारण २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची आणि लाल १०० वर्षांतल्या पुराची असते. गाळ निळ्या रेषेच्या आत टाकला, तर तो पुढच्या पावसात परत पात्रात येतो. यंत्र चालू असताना आपला माणूस पूर्ण वेळ तिथे उभा हवा.

रोपं सगळ्यांत शेवटी. काठावर गुरं आणि आग थांबली, तर पहिल्या दोन वर्षांत करंज, उंबर, जांभूळ आपोआप उगवतात. जिथे उगवत नाहीत तिथेच लावा, आणि तेही त्याच नदीच्या वरच्या भागातलं बी घेऊन. पाण्याला टेकून शेरणी, वाळुंज, निर्गुडी आणि केवडा. त्यामागे करंज, तामण, जांभूळ, उंबर. शेरणी पुरात आडवी होऊन परत उभी राहते, काठ धरून ठेवते आणि रोपवाटिकांत सहसा मिळत नाही, म्हणून फांद्या लावून ती स्वतःच वाढवा. गिरिपुष्प, सुबाभूळ, निलगिरी, गुलमोहर नकोत. घाणेरी आणि रानमोडी काढायची, तर बी धरण्याआधी आणि थोडी-थोडी. काठ एकदम उघडा केला तर माती वाहते.

तपासा: कोणतंही काम करण्याआधी त्या जागेचं मे महिन्याचं पान उघडून वाचलं का?

## ९. देखरेख

फार गोष्टी मोजायला घेतल्या तर दुसऱ्या वर्षी वही बंद पडते. पाच पुरेत: राखीव कोंडांची मे महिन्यातली खोली, पहाटेचा ऑक्सिजन, चढणीचा मासा कुठवर पोचला, पाणमांजराच्या ताज्या खुणा, आणि दगड उलटून पाहिलेले पाणकीटक. मेफ्लाय आणि कॅडिसफ्लाय यांची पिल्लं स्वच्छ, प्राणवायू भरपूर असलेल्या पाण्यात राहतात. ती नाहीशी होऊन तांबड्या अळ्याच उरल्या, तर वरून सांडपाणी येत असल्याची शक्यता मोठी. शाळेतली मुलं हे काम उत्तम करतात. दगड उलटून पाहिल्यावर होता तसा परत ठेवायचा, हे पहिल्याच दिवशी शिकवा.

प्रत्येक मोजणीपुढे «आकडा असा आला तर काय करायचं» हेही आधीच लिहा. उदाहरणार्थ, कोंडाची खोली दोन वर्षं सलग घटली, तर वरच्या उताराची फेरी तीस दिवसांत करायची, तोड किंवा खाण आहे का पाहायचं आणि ग्रामसभेत मांडायचं. नियम मोडला गेला तर कोण जाणार, दंड किती, तो कोणत्या खात्यात जाणार, हेही लिहा. पहिला दंड गावातल्या वजनदार माणसाला झाला आणि तो वसूल झाला, तर पुढे फार भांडावं लागत नाही.

आराखडा दर गणपतीत, चाकरमानी गावात असताना, ग्रामसभेत वाचा. त्या वर्षीचे पाच आकडे एका पानावर लिहून ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावा. नकाशा आणि गट क्रमांकांच्या यादीची एक प्रत ग्रामपंचायतीत, एक शाळेत, एक गुरवाकडे, आणि एक तलाठी कार्यालयात पोच घेऊन द्या. बंद वही मात्र समितीच्या दोघांकडेच राहू द्या, आणि त्यांतला एक बदलला की ती कोणाकडे गेली याची नोंद इतिवृत्तात करा.